आठवड्याला ६० पौंड आणि जगभर नाव: क्वीनच्या १९७५ सालाचं प्रकरण

एप्रिल १९७५ मध्ये क्वीन या ब्रिटिश रॉक बँडची चार पोरं टोकियोच्या हानेदा एअरपोर्टवर उतरली तर समोर हजारो चाहते, नुसती रेटारेटी आणि आरडाओरडा, मग बुदोकानसारख्या मोठ्या हॉलमध्ये शो, सगळं कसं स्वप्नात असल्यासारखं. आणि तिथून लंडनला परत आल्यावर त्यांच्या हातात काय पडत होतं, तर माणशी आठवड्याला ६० पौंड. त्या वेळी इंग्लंडमध्ये साध्या कामगाराला साधारण तेवढाच पगार मिळायचा. बेस वाजवणाऱ्या जॉन डीकनचं जानेवारीतच लग्न झालेलं, बायको गरोदर, त्यानं एका लहानशा घराच्या डिपॉझिटसाठी मॅनेजमेंटकडे ४,००० पौंड मागितले तर मिळणार नाहीत म्हणून सांगितलं गेलं. गायक फ्रेडी मर्क्युरीला पियानो हवा होता, तोही नाही. रॉजर टेलरला तर सांगण्यात आलं की ड्रम जरा बेतानं वाजव, स्टिक्स मोडल्या तर नवीन घ्यायला पैसे नाहीत. आणि हे सगळं कधी, तर ‘किलर क्वीन’ ब्रिटनच्या चार्टवर २ नंबरला जाऊन आलेलं आणि त्या गाण्यासाठी फ्रेडीला आयव्हर नोव्हेलो हे गीतलेखनाचं ब्रिटिश अवॉर्ड मिळालेलं असताना.

मला हे प्रकरण नीट लिहून काढायचं होतं कारण क्वीन म्हटलं की बोलणं फ्रेडी मर्क्युरीच्या आवाजापाशी नाहीतर १९८५ च्या लाइव्ह एड या दुष्काळग्रस्तांसाठीच्या कार्यक्रमातल्या त्या २१ मिनिटांपाशी येऊन थांबतं. आवाज अफाट होताच, त्याबद्दल वादच नाही. पण आवाज अफाट असलेले आणि तरी पाच वर्षांत फुटलेले बँड ढिगानं आहेत. क्वीन टिकला कारण या चौघांनी पैसा, हक्क आणि श्रेय या तीन गोष्टींचा गुंता भांडत भांडत का होईना पण सोडवला, आणि त्याची सुरुवात याच १९७५ च्या ओढाताणीत झाली असं माझं ठाम मत आहे.

आधी माणसं कोण होती ते बघू, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही. गिटारवाला ब्रायन मे आणि ड्रमवाला रॉजर टेलर आधी स्माइल नावाच्या बँडमध्ये होते, तो मोडला, मग त्यांचा दोस्त फ्रेडी १९७० मध्ये गायक म्हणून आला आणि १९७१ मध्ये जॉन डीकन. फ्रेडी म्हणजे फारोख बुलसारा, झांझिबारच्या पारशी घरातला मुलगा, वडील तिथं ब्रिटिश सरकारच्या ऑफिसात कॅशियर. ८ वर्षांच्या या पोराला १९५५ मध्ये आपल्या पाचगणीला सेंट पीटर्सच्या बोर्डिंगमध्ये धाडलं, फ्रेडी हे नाव तिथलं, आणि १९५८ मध्ये शाळेतल्याच मित्रांबरोबर त्यानं हेक्टिक्स नावाचा पहिला बँड काढला तोही तिथंच, त्यात तो पियानोवर असायचा. म्हणजे बारा वर्षांचं पोर, आईबाप समुद्रापलीकडे, आणि हातात पियानो. १९६४ मध्ये झांझिबारमध्ये क्रांती झाली आणि बुलसारा कुटुंब होतं नव्हतं ते सोडून लंडनजवळच्या फेल्टमला आलं. महाबळेश्वरला जाताना पाचगणीत थांबून स्ट्रॉबेरी खाणाऱ्या आपल्यापैकी कितीतरी जणांना हे माहीत नसतं आणि मला दर वेळी त्याची चुटपुट लागते.

बाकीचे तिघं शिकलेसवरलेले. ब्रायन इम्पीरियल कॉलेजमध्ये खगोलशास्त्रात पीएचडी करत होता, ती अर्धवट सोडली आणि पुढे २००७ मध्ये साठीला आल्यावर पूर्ण केली. रॉजर आधी डेंटिस्ट व्हायला निघालेला, मग बायॉलॉजीकडे वळला. डीकन इलेक्ट्रॉनिक्समध्ये फर्स्ट क्लास. फ्रेडी ग्राफिक डिझाइन शिकलेला, क्वीनचं ते प्रसिद्ध चिन्ह त्यानंच काढलं, त्यात चौघांच्या राशी आहेत, दोन सिंह, एक खेकडा आणि स्वतःच्या कन्या राशीसाठी दोन पऱ्या.

ब्रायनच्या गिटारबद्दल थोडं थांबून सांगायलाच हवं. दुकानातली चांगली गिटार परवडत नव्हती म्हणून शाळकरी ब्रायन आणि त्याचे वडील हॅरोल्ड यांनी १९६३ पासून घरीच गिटार बनवायला घेतली. गळ्यासाठी लाकूड कुठलं, तर एका जुन्या फायरप्लेसच्या वरच्या फळीचं, शंभर वर्षांपेक्षा जुनं, त्याला वाळवी लागून भोकं पडलेली ती काडेपेटीच्या काड्या घालून बुजवली. सूर थरथरवायच्या दांडीला स्प्रिंगा जुन्या मोटरसायकलच्या इंजिनातल्या. आणि वाजवायला प्लॅस्टिकचा पिक नाही, तर सहा पेन्सचं नाणं. तीच गिटार, ‘रेड स्पेशल’, तो आजही घेऊन स्टेजवर येतो. डीकननं तर कचऱ्याच्या डब्यात सापडलेल्या सर्किट बोर्डावरून एक छोटा ॲम्प बनवला, आणि ब्रायननं त्यावर गिटार वाजवून रेकॉर्डिंगमध्ये अख्ख्या वाद्यवृंदाचे आवाज काढले. स्वतःची वस्तू स्वतः बनवायची ही सवय या लोकांच्या अंगातच होती, मग स्वतःचा करार मात्र डोळे झाकून कसा काय केला याचं आश्चर्य वाटतं.

पण वय बघा, आणि गरज बघा. १९७२ मध्ये लंडनच्या सोहोमधल्या ट्रायडंट स्टुडिओच्या शेफील्ड बंधूंनी त्यांना करारात घेतलं. त्या करारात रेकॉर्डिंग, गाण्यांचं पब्लिशिंग (म्हणजे लिहिलेल्या गाण्यांच्या हक्कांचा कारभार) आणि बँडचं मॅनेजमेंट तिन्ही एकाच घराकडे होतं. खरी मेख इथंच आहे. मॅनेजरचं काम काय, तर रेकॉर्डिंग कंपनीशी आणि पब्लिशरशी तुमच्या वतीनं भांडून चार पैसे जास्त काढायचे. इथं जो तुमच्या बाजूनं भांडायला हवा तोच टेबलाच्या पलीकडच्या खुर्चीत बसलेला, मग भांडणार कोण आणि कोणाशी? पहिला अल्बम तर स्टुडिओ रिकामा असेल त्या वेळेत, मोठे कलाकार निघून गेले की रात्रीबेरात्री केलेला, त्यामुळे तो बाजारात यायला जुलै १९७३ उजाडला. लाइट्स, कपडे, सामान, रेकॉर्डिंग, सगळा खर्च बँडच्या नावावर चढत गेला, आणि हिट आला तरी आधीचं देणं फिटल्याशिवाय पुढं काही सुटेना.

इथं दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. नॉर्मन शेफील्डनं पुढे आपलं म्हणणं मांडलं होतं की कोणी ओळखत नव्हतं तेव्हा या पोरांवर पैसा आम्ही लावला, धोका आम्ही पत्करला. त्यात तथ्य आहे. ट्रायडंटनं हात दिला नसता तर कदाचित क्वीन हे नाव आपल्या कानावर आलंच नसतं. पण पैसा लावणाऱ्याला परतावा मिळणं वेगळं आणि एकाच माणसानं तिन्ही चाव्या कमरेला लावून फिरणं वेगळं.

त्यात १९७४ मध्ये मॉट द हूपल या बँडबरोबर अमेरिका दौऱ्यावर असताना ब्रायनला कावीळ झाली, दौरा अर्ध्यावर सोडून परतावं लागलं, मागोमाग अल्सर. तिसऱ्या अल्बमचं बरंच काम बाकीच्या तिघांनी करून ठेवलं आणि ब्रायननं बरा होऊन त्यात आपली गिटार भरली. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते, कारण एवढ्या ओढाताणीतही त्याच्या जागी दुसरा गिटारवाला आणू असं झालं नाही.

आता निर्णयाची वेळ. जिम बीच नावाच्या वकिलाला हाताशी धरून त्यांनी ट्रायडंटमधून बाहेर पडायची बोलणी सुरू केली आणि ऑगस्ट १९७५ मध्ये सुटका झाली. किंमत होती १,००,००० पौंड, वर पुढच्या ६ अल्बमवर १ टक्का रॉयल्टी. आठवड्याला ६० पौंड मिळवणाऱ्या माणसांनी एवढा आकडा कबूल करणं म्हणजे काय असेल विचार करा, उद्या गाणं पडलं असतं तर बँड तिथंच संपला असता. पण बदल्यात रेकॉर्डिंगचा करार थेट ईएमआय आणि अमेरिकेत इलेक्ट्रा या रेकॉर्ड कंपन्यांशी झाला, मधला माणूस गेला. गायक एल्टन जॉनचा मॅनेजर जॉन रीड यांनी काम हातात घेतलं आणि सांगितलं की पैशाचं मी बघतो, तुम्ही स्टुडिओत जा आणि आजवरचा सगळ्यात चांगला अल्बम करून आणा.

आणि ते गेले वेल्समधल्या रॉकफील्डला, एका शेतावरच्या स्टुडिओत. गळ्याशी आलेला माणूस साधारण काय करतो, तर जे आधी चाललं तेच परत करतो, म्हणजे दुसरं ‘किलर क्वीन’. यांनी ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ केलं. त्यातला तो मधला ऑपेराचा भाग कसा झाला ते ऐकण्यासारखं आहे. टेपवर २४ ट्रॅक, म्हणजे आवाज भरायच्या २४ वेगळ्या पट्ट्या, आणि हवे होते शेकडो आवाज, मग फ्रेडी, ब्रायन आणि रॉजर तिघांनीच दिवसाचे दहा दहा बारा बारा तास एकेक ओळ पुन्हा पुन्हा गायची, वरची पट्टी रॉजरची, मधली फ्रेडीची, खालची ब्रायनची, भरलेले ट्रॅक एकत्र करून एका ट्रॅकवर उतरवायचे, जागा मोकळी झाली की परत गायचं, परत उतरवायचं, असं करत करत टेप रेकॉर्डरच्या हेडवरून इतक्यांदा फिरली की तिच्यावरचा तपकिरी थर झिजला आणि उजेडात धरली तर आरपार दिसायला लागलं. प्रोड्युसर रॉय थॉमस बेकर समजत होते मधे थोडासा तुकडा लागेल, फ्रेडी रोज येऊन सांगायचा की अजून एक ‘गॅलिलिओ’ (त्या भागात परत परत येणारी हाक) सुचलाय आणि टेपला नवीन तुकडा जोडला जायचा. नुसत्या त्या ऑपेराला तीनेक आठवडे गेले. आज लॅपटॉपवर कॉपी पेस्ट करून पाचशे आवाज पाच मिनिटांत होतात, पण एकदा हेडफोन लावून तो भाग ऐका, प्रत्येक आवाजाच्या सुरात किंचित फरक आहे आणि त्या फरकामुळेच खरोखर गर्दी उभी आहे असं वाटतं.

गाणं झालं ५ मिनिटं ५५ सेकंदांचं. रेडिओला तीन मिनिटांची गाणी लागायची, त्यामुळे कंपनीचं म्हणणं की हे वाजणार नाही, कापा. चौघंही नाही म्हणाले. मग लंडनच्या कॅपिटल रेडिओवर गाणी लावणाऱ्या केनी एव्हरेटला एक कॉपी दिली, तोंडानं सांगितलं लावू नकोस, आणि त्यानं एका वीकेंडला ते १४ वेळा वाजवलं, सोमवारी लोक दुकानात विचारायला हजर आणि रेकॉर्ड अजून बाजारातच नाही. ३१ ऑक्टोबरला सिंगल, म्हणजे त्या गाण्याची छोटी रेकॉर्ड, आलं, नोव्हेंबरअखेर नंबर एक, आणि सलग ९ आठवडे तिथंच. टीव्हीवर जाऊन ऑपेरा गाता येणार नाही म्हणून एल्स्ट्री स्टुडिओत काही तासांत एक व्हिडिओ शूट केला, अंधारातले ते चार चेहरे, गाण्याबरोबर व्हिडिओ काढायची पद्धत पुढे रुळली त्यात या शूटिंगचा वाटा मोठा आहे.

इथपर्यंत गोष्ट बहुतेकांना माहीत असते. पण मला यातली सगळ्यात शिकण्यासारखी गोष्ट त्या रेकॉर्डच्या मागच्या बाजूला सापडते. सिंगलच्या बी साइडला रॉजरचं ‘आय एम इन लव्ह विथ माय कार’ होतं. आता नियम असा की रेकॉर्ड विकली गेली की दोन्ही बाजूंच्या गाण्यांच्या लेखकांना सारखीच रॉयल्टी. म्हणजे लोक फ्रेडीच्या गाण्यासाठी रेकॉर्ड घेत होते आणि रॉजरला तेवढेच पैसे मिळत होते. झालं, ठिणगी पडली, आणि कोणाचं गाणं सिंगल होणार, कोणाचं मागे लागणार यावर वर्षानुवर्षं कुरबूर चालली. ब्रायननं नंतर उघड सांगितलंय की या श्रेयाच्या भांडणांनी बँड फुटायची वेळ आली होती.

आणि गंमत अशी की याच भांडणातून फायदाही झाला. गाणं लिहिलं तरच पैसे, त्यामुळे चौघंही लिहायला लागले, आणि चौघंही कमाल लिहायला लागले. अजिबात न गाणारा, फोटोत कडेला उभा राहणारा डीकन घ्या. बायकोसाठी ‘यू आर माय बेस्ट फ्रेंड’ त्यानं लिहिलं, ‘अनदर वन बाइट्स द डस्ट’ त्याचं, जे १९८० मध्ये अमेरिकेत ३ आठवडे नंबर एक होतं, ‘आय वाँट टू ब्रेक फ्री’ पण त्याचंच. रॉजरचं ‘रेडिओ गा गा’. ब्रायनचं ‘वुई विल रॉक यू’. फ्रेडीची तर यादीच. ज्या बँडमध्ये एकच माणूस लिहितो तिथं तो आटला की बँड आटतो, इथं एक आटला तर तीन विहिरी होत्याच.

‘वुई विल रॉक यू’ वेगळं सांगतो. मे १९७७ मध्ये स्टॅफर्डच्या बिंगली हॉलमध्ये शो संपल्यावर लोक हटेचनात, ते स्वतःच एक फुटबॉलच्या मैदानावरचं गाणं गायला लागले. ब्रायनच्या डोक्यात बसलं की खच्चून भरलेल्या हॉलमध्ये लोक जागेवरून न हलता काय करू शकतात? पाय आपटू शकतात, टाळी वाजवू शकतात, गाऊ शकतात. दोनदा पाय, एकदा टाळी. लंडनमधल्या एका जुन्या चर्चमध्ये वेसेक्स स्टुडिओ होता, तिथं पडलेल्या फळ्यांवर सगळ्यांनी पाय आपटले, ते पुन्हा पुन्हा रेकॉर्ड केलं, आणि मग फिजिक्सवाल्या ब्रायननं प्रत्येक आवाजाला वेगवेगळा उशीर दिला, ते उशीर मूळ संख्यांच्या प्रमाणात, म्हणजे एकमेकांवर पडून प्रतिध्वनीसारखे ऐकू येणार नाहीत तर लांबवर पसरलेली माणसं वाजवतायत असं वाटेल. गाण्यात ड्रम नाहीतच. आमच्या कॉलेजच्या गॅदरिंगला कार्यक्रम सुरू व्हायला उशीर झाला की मागच्या बाकांवरून हाच ठेका सुरू व्हायचा, धप धप टाळी, आणि त्यातल्या निम्म्यांनी क्वीनचं नावही ऐकलेलं नसायचं. ऐकणाऱ्यालाच वाजवणारा करून टाकलं की त्या गाण्याला वय राहत नाही.

१९७८ मध्ये जॉन रीडपासूनही ते वेगळे झाले आणि बाहेरचा बडा मॅनेजर परत घेतलाच नाही, वकील जिम बीचनाच कारभार दिला आणि आपला धंदा आपण बघायला लागले. स्वित्झर्लंडमधल्या माँत्रूचा माउंटन स्टुडिओ १९७९ मध्ये विकतच घेतला.

मधला काळ चांगला नव्हता. १९८२ चा ‘हॉट स्पेस’ अल्बम लोकांना रुचला नाही, अमेरिकेत तर त्या वर्षानंतर फ्रेडीबरोबरचा क्वीन पुन्हा शो करायला गेलाच नाही. ऑक्टोबर १९८४ मध्ये ते वर्णभेदी दक्षिण आफ्रिकेतल्या सन सिटीला वाजवायला गेले, कलाकारांचा बहिष्कार असताना, त्यावर ब्रिटनच्या म्युझिशियन्स युनियननं दंड केला. आम्ही राजकारण करत नाही, फक्त वाजवतो, असं त्यांचं म्हणणं होतं, पण ते चुकलेच, आणि चाहता असलो तरी मला त्याचं समर्थन करता येत नाही.

मग १३ जुलै १९८५, पहिला अल्बम आला त्याला बरोबर १२ वर्षं झाली त्या दिवशी, लंडनच्या वेम्बली स्टेडियमला लाइव्ह एड. त्याबद्दल इतकं लिहिलं गेलंय की मी एवढंच सांगतो, बाकीचे बरेच जण ऐनवेळी येऊन वाजवून गेले, हे लोक किंग्ज क्रॉसजवळच्या शॉ थिएटरमध्ये घड्याळ लावून तालीम करून आले होते, २१ मिनिटांत नवीन अल्बमची जाहिरात न करता ६ गाणी बसवली, आणि त्यातली बहुतेक लोकांना पाठ होती.

श्रेयाचा प्रश्न सुटला तो १९८९ च्या ‘द मिरॅकल’ अल्बमला. त्या अल्बमपासून ठरलं की गाणं कोणीही लिहो, नाव क्वीनचं आणि पैसे चौघांत सारखे. १९७५ मधल्या त्या बी साइडपासून इथं यायला १४ वर्षं लागली. तोपर्यंत फ्रेडीला एड्स झालेला, त्यांचं त्यांना माहीत, बाहेर कोणालाच नाही. त्या शेवटच्या दोन वर्षांत वेळ किती उरलाय ठाऊक नसताना माँत्रूच्या त्या स्वतःच्या स्टुडिओत ते जे काम करू शकले, चालवत नव्हतं तरी फ्रेडी येऊन एकेक ओळ गाऊन ठेवायचा आणि म्हणायचा बाकीचं नंतर पूर्ण करा, ते स्टुडिओ स्वतःचा नसता आणि हे माझं ते तुझं चालू असतं तर झालं असतं असं मला वाटत नाही. २४ नोव्हेंबर १९९१ ला तो गेला. ‘बोहेमियन ऱ्हॅप्सडी’ पुन्हा बाजारात आलं, पुन्हा नंबर एक, आणखी ५ आठवडे. त्यानं गाऊन ठेवलेल्या त्या ओळींवर बाकी तिघांनी काम करून १९९५ मध्ये शेवटचा अल्बम काढला.

पुढचं भराभर सांगतो. आधी पॉल रॉजर्स, मग ॲडम लॅम्बर्ट या गायकांना घेऊन ब्रायन आणि रॉजर स्टेजवर येत राहिले. फ्रेडीची जागा भरतोय असा दावा कोणी केला नाही, नावच ‘क्वीन प्लस ॲडम लॅम्बर्ट’ असं ठेवलं, ते मला फार आवडतं. १९८१ चा त्यांचा ‘ग्रेटेस्ट हिट्स’ ब्रिटनमधला सगळ्यात जास्त विकला गेलेला अल्बम आहे, २०२२ मध्ये तो ७० लाखांच्या वर गेला. २०२४ मध्ये सोनीनं त्यांच्या गाण्यांचे हक्क सुमारे १ अब्ज पौंडांना घेतल्याच्या बातम्या आल्या.

आणि जॉन डीकन? फ्रेडी गेल्यावर त्याचं मन त्यात राहिलं नाही, १९९७ नंतर त्यानं वाजवणं सोडलं, मुलाखती नाहीत, कार्यक्रम नाहीत, लंडनमध्ये आपल्या बायकामुलांत राहतो. ब्रायन आणि रॉजर सांगतात की भेटगाठ होत नाही. पण पैशाचा विषय निघाला, बँडच्या नावानं काही नवीन करायचं ठरलं, की कागद आधी त्याच्याकडे जातात, त्याची हरकत नसली तरच पुढे सरकायचं. १९७५ मध्ये घराच्या डिपॉझिटला ४,००० पौंड मागायला गेलेला तोच डीकन.